मदत हवी आहे : काल्पनिक जगाच्या पंचांगात अधिकमास कसा ठरवावा?

कादंबरीतल्या जगाचं वर्ष ३७१.२५ दिवसांचं, चांद्रमास ३०.४ दिवसांचा. बारा महिने ३६४.८ दिवसांत संपतात, म्हणजे वर्षाला ६.४५ दिवसांची तूट. ३३ वर्षांत ७ अधिकमास घेतले की फरक जेमतेम ०.०५ दिवस उरतो. हे फार सुंदर जुळतं, ते मोडायचं नाही.

अडतंय ते अधिकमासाच्या जागेवर. संक्रांत (सूर्याचा नव्या राशीत प्रवेश) नसलेला चांद्रमास अधिक, हा आपला नियम लावायचा आहे. पण सौरमास, म्हणजे दोन संक्रांतींमधला काळ, सरासरी ३०.९४ दिवसांचा, चांद्रमासापेक्षा अर्ध्या दिवसानेच मोठा. कक्षा पृथ्वीइतकी लंबवर्तुळाकार ठेवली तरी सूर्य वेगात असताना सौरमास ३० दिवसांच्या खाली जातो, एका चांद्रमासात दोन संक्रांती पडू शकतात आणि क्षयमास (गाळला जाणारा महिना) वारंवार येतो.

कक्षा जवळपास वर्तुळाकार करावी, की अधिकमास ५-५-४-५-५-५-४ वर्षांनी सुगीआधी ठरवूनच टाकावा? सुगीचा सण पौर्णिमेलाच हवा, आणि कापणीनंतरच.