चित्रपट संकलक (एडिटर) रेणू सलुजा यांच्याबद्दल थोडंसं
काही जण म्हणतात की दिग्दर्शक सांगेल तिथे कात्री लावायची, एवढंच सिनेमाच्या संकलकाचं काम. रेणू सलुजांची कारकीर्द पाहिली तर हे अजिबात पटत नाही. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये त्यांना खरं तर दिग्दर्शन शिकायचं होतं, प्रवेश मिळाला संकलनाला. पुढे 'जाने भी दो यारो', 'अर्धसत्य', 'बँडिट क्वीन' त्यांच्याच हाताखालून गेले. 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर'साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. चार!

'परिंदा'तला (१९८९) कबुतरांचा प्रसंग पुन्हा बघाच. गोळीबार आणि पंखांची फडफड अशी काही गुंफलीय की छातीत धस्स होतं. आणि तेव्हा संकलनाला संगणक नव्हता. सेकंदाला २४ फ्रेम, फिल्म हाताने कापायची, टेपने जोडायची, आवाजाची पट्टी वेगळी जुळवायची. शॉट जरा लांबवायचा म्हटलं तर कापलेला तुकडा शोधून परत चिकटवा. त्यामुळे लय आधी डोक्यात पक्की असावी लागे.

२००० साली, पन्नाशीच्या आतच त्या गेल्या.