लग्नासाठी आर्टिफिशियल फुलं: स्वस्त पण प्लॅस्टिक वाटणार नाहीत अशी कशी शोधू?

लिंबूटिंबू
मंडळी मदत करा. धाकट्या बहिणीचं लग्न तीन महिन्यांवर आलंय आणि सजावट माझ्या गळ्यात पडलीय (मीच हौसेने हो म्हटलं, आता भोगतेय). खरी फुलं बजेटमध्ये बसत नाहीत आणि बसली तरी आदल्या रात्री जागून ती ताजी कोण ठेवणार, म्हणून आर्टिफिशियल ठरवली. स्टेजच्या मागे 2 मीटर बाय 2 मीटरची फुलांची भिंत, 12 टेबलांवर छोटे गुच्छ आणि बहिणीच्या हातातला एक, एवढं हवंय. पण ऑनलाइन बघायला गेलं की डोकंच फिरतं, दिसायला सेम टू सेम गुलाब आणि एकाचा भाव दुसऱ्याच्या चौपट!! नक्की फरक काय असतो? घरचे म्हणतात लांबून कोणाला कळतंय, पण बहिणीला कळतं ना.

चिकटपट्टी
फरक मटेरियलचा. साच्यातून काढलेलं प्लॅस्टिक सगळ्यात स्वस्त, पाकळीच्या कडेला साच्याची रेघ दिसते आणि फ्लॅश पडला की चकाकतं. ‘सिल्क’ लिहिलेलं असतं ते बहुतेक वेळा पॉलिस्टरचं कापड असतं, रेशमाचा काही संबंध नाही, त्यामुळे नावावर भुलून जास्त पैसे देऊ नकोस. फोमचे गुलाब आकाराला मस्त पण नख लागलं तरी खूण राहते. आणि ‘रिअल टच’ म्हणजे पाकळीवर लॅटेक्ससारखा थर असतो, हाताला खरंच ओलसर गार लागतात, तीच महाग.
मग सगळीकडे एकच क्वालिटी कशाला घ्यायची? बहिणीच्या हातातला गुच्छ क्लोजअपमध्ये येणार, तिथे हात सैल सोड, रिअल टचची 15-20 फुलं बास. टेबलांना पॉलिस्टर. भिंतीला साधी चालतात. आणि फुलापेक्षा पान आधी चुगली करतं बरं का, एकसारखा हिरवा आणि गुळगुळीत चमक असली की संपलं. मी तर स्वस्त फुलांची पानं उपटून टाकते आणि गुच्छात खऱ्या झाडाच्या पाल्याच्या दोन-चार डहाळ्या खोचते, बघणाऱ्याला सगळंच खरं वाटतं.

मोजमाप
भिंतीसाठी सुटी फुलं अजिबात घेऊ नका, चिकटवता चिकटवता लग्न होऊन जाईल. तयार पॅनल मिळतात, बरेचसे 40 बाय 60 सेंमीचे असतात. तुमच्या मापाला रुंदीत 5 आणि उंचीत 3, म्हणजे 15 पूर्ण लागतील, वर 20 सेंमीची पट्टी उरते, त्यासाठी आणखी 2 कापा. झाले 17. एखाददुसरं जास्त घ्या कारण एक तरी दबून येतंच. मागे प्लॅस्टिकची जाळी असते ती कात्रीने कापली जाते आणि झिप टायने फ्रेमला बांधता येते.
अजून एक, फोटोवर जाऊ नका, फुलाचा व्यास वाचा. 8 सेंमी समजून 4 सेंमीची मागवणारे पुष्कळ बघितलेत. ‘12 चा गुच्छ’ लिहिलेल्यात 7 फुलं आणि 5 कळ्या निघू शकतात, तेव्हा फुलं मोजून भाव काढा.

आळशी_अळी
माझी चूक तुम्ही करू नका. भावाच्या लग्नाला पांढरी फुलं मागवली, कमी पडली म्हणून महिन्याने त्याच विक्रेत्याकडून परत मागवली, नाव तेच, फोटो तोच. आली ती निळसर पांढरी आणि आधीची होती दुधाळ. घरातल्या पिवळ्या बल्बखाली काहीच कळलं नाही, स्टेजवरचे लाइट लागल्यावर अर्धी कमान धुतलेली आणि अर्धी न धुतलेली वाटत होती 😭 अल्बम उघडला की वहिनी अजून हसते. म्हणजे आधी एक-दोन नमुने मागवा, उन्हात आणि लाइटखाली दोन्हीकडे बघा, आवडलं की सगळा माल एकाच लॉटमधला एकदमच घ्या.

पसारा_कमी_करा
विकत घेताच कशाला पण? भाड्याने घ्या. नाहीतर नुकतंच ज्यांच्याकडे लग्न झालंय त्यांना विचारा, खोकी माळ्यावर पडलेली असतात, अर्ध्या भावात खुशीने देतात.

चिकटपट्टी
@पसारा_कमी_करा सेकंडहँडला अनुमोदन, फक्त उन्हात राहिलेली नकोत, रंग उडालेला परत येत नाही. भाड्याचं मात्र भिंतीपुरतंच बरं. टेबलावरचे गुच्छ पाहुणे उचलून नेतात, मग डिपॉझिट गेलं.
@लिंबूटिंबू माल चपटा होऊन येतो, घाबरू नकोस. कापडाच्या फुलांना जरा लांबून वाफ दे आणि बोटांनी पाकळ्या उघड, इस्त्री अजिबात नको. हे काम वेळखाऊ आहे, आठवडाभर आधी दोन-चार जणांना बसव. दांड्यात तार असते, घरातल्या कात्रीची धार जाईल, पक्कडच घे. फोमच्या फुलांना गरम ग्लू गन जपून लाव, माझ्या पहिल्याच गुलाबाला मधोमध भोक पडलं होतं. आणि टेबलावर मेणबत्त्या ठेवणार असशील तर फुलांपासून लांब ठेव, पॉलिस्टर वितळतं आणि पेटतंही.

लिंबूटिंबू
सगळ्यांना खूप खूप थँक्यू!! तीन ठिकाणांहून एकेक नमुना मागवला होता, आज आले. बहिणीच्या हातात न सांगता दिले. सगळ्यात महागडा तिने बाजूला टाकला, म्हणे याला रबराचा वास येतोय. मधल्या भावातला पॉलिस्टरचा आवडलाय, फक्त पानं काढ म्हणाली. आता खिडकीत ठेवलाय, उद्या उन्हात बघते आणि मग 17 पॅनलची ऑर्डर टाकते. 18 च टाकते.