प्रति: एअर सस्पेन्शन, एका बाजूने खाली बसलेली गाडी

दादा, पुढची डावी एअरबॅग (स्प्रिंगच्या जागी गाडी उचलून धरणारी सस्पेन्शनची हवेची पिशवी) बदलल्यावर गाडी त्याच बाजूने १५ मिमी खाली बसतेय आणि गॅरेजवाला कॉम्प्रेसर (बॅगमध्ये हवा भरणारा पंप) बदला म्हणतोय असं तुम्ही लिहिलंय, तर प्लीज एवढ्यात पैसे घालू नका. आधी साबणाच्या पाण्याने लीक तपासा, रात्रभर उभी ठेवून सकाळी उंची तेवढीच राहिली तर हवा कुठे जात नाहीये, प्रश्न बहुतेक कॅलिब्रेशनचा, म्हणजे गाडीला तिची खरी उंची परत शिकवण्याचा आहे. कामात गाडीची उंची मोजणाऱ्या हाइट सेन्सरची दांडी काढून परत लावली असेल तर सेन्सरचा शून्यच हलतो, सस्पेन्शनच्या कंट्रोल युनिटला (कॉम्प्युटरला) वाटतं गाडी सरळ आहे.

माझ्या गाडीचं हेच झालेलं, घोडबंदर रोडच्या खड्ड्यांनी बॅग गेली, नवीन टाकली, तरी वाकडीच. शेवटी तुर्भे एमआयडीसीतल्या एका मेकॅनिकने केलं. चारही टायरची हवा बरोबर केली, डिकी रिकामी, दारं बंद, आत कोणी नाही, मग चाकाच्या मध्यापासून फेंडरच्या कडेपर्यंत चारही बाजूंची उंची मिलिमीटरमध्ये मोजून गाडीच्या कॉम्प्युटरला जोडलेल्या स्कॅनरमध्ये भरली. जागा मात्र खरंच सपाट पाहिजे हां, सोसायटीच्या पार्किंगला पाणी जायला उतार असतो तिथे केलं तर चुकीचंच माप सेव्ह होतं. त्याने गवंड्यासारखी पाण्याची नळी लावून लेव्हल बघितली, मला फार आवडलं ते.

नंतर व्हील अलाइनमेंट आणि हेडलाइटची उंची पण करून घ्या, उंची बदलली की दोन्ही बदलतं. आणि पुढे कधीही जॅक लावताना आधी जॅक मोड ऑन करा, म्हणजे सस्पेन्शन आपोआप उंची बदलत नाही.