आडवी बाटली: 75 टक्के मतं पडूनही दुकान चालूच?

प्रश्न (वेशीवरचा): गावातलं देशी दारूचं दुकान बंद करायला महिला मतदान मागायचंय. मतदार यादीत 800 महिला. सह्या किती, अर्ज कुठे? शेजारच्या गावात आलेल्या बायकांपैकी पाऊण जणींनी आडव्या बाटलीला, म्हणजे दुकान बंद करायला, मत दिलं, तरी दुकान सुरूच आहे. असं कसं?

साधा_कारकून: महाराष्ट्र सरकारच्या 2008 च्या आदेशानुसार महिला मतदारांपैकी 25 टक्के, म्हणजे 200 सह्या. अर्ज राज्य उत्पादन शुल्कच्या जिल्हा अधीक्षकांकडे. पण 200 वर थांबू नका, 280-300 घ्याच. पडताळणीत गळती होते: कुणाचं नाव यादीत माहेरच्या आडनावाने, कुणाची सही जुळत नाही, कुणी नेमकी त्या दिवशी मजुरीला. प्रत्येक सहीपुढे यादी भाग क्रमांक, अनुक्रमांक आणि ओळखपत्र क्रमांक लिहा.

शेजारच्या गावाचं म्हणाल तर, निम्म्याहून जास्त मतं लागतात ती यादीतल्या एकूण महिलांच्या. तुमच्याकडे 401. समजा 520 जणी आल्या, 390 जणींनी आडवीला मत दिलं. झाले 75 टक्के, तरी हार. जी आलीच नाही तिचं मत उभ्या बाटलीच्या, म्हणजे दुकान चालू ठेवण्याच्या, पदरात.

मोहोळ: म्हणून सह्यांच्या आधी यादी हातात घ्या. मयत आणि सासरी गेलेल्या लेकींची नावं नमुना 7 भरून वगळायला लावा, नव्या सुनांसाठी नमुना 6 (नवीन नाव) किंवा 8 (पत्ता बदल). अशी 60 फुकट नावं राहिली तर खऱ्या 740 मधून 401 काढावी लागतात. गावातून ऊसतोडीला टोळ्या जात असतील तर दिवाळी ते मार्च मतदान नकोच, तसं लेखी कळवा.

परदेशी_पाहुणा: इटलीत हाच घोळ. 5 लाख सह्यांवर कायदा रद्द करण्यासाठी सार्वमत मागता येतं, पण निम्म्याहून अधिक मतदार आले नाहीत तर निकाल बाद. मग विरोधक ‘नाही म्हणा’ असं सांगतच नाहीत, ‘घरी बसा’ म्हणतात. जून 2025 मध्ये पाचही प्रश्न असेच बुडाले, मतदान 30 टक्क्यांच्या आसपास. स्वित्झर्लंडमध्ये 100 दिवसांत 50 हजार सह्या झाल्या की संसदेचा कायदा मतदानाला जातो आणि पडलेल्या मतांतलं बहुमत पुरतं. आपली अट इटलीहून कडक: तिथे निम्मे नुसते यायला हवेत, इथे निम्म्यांहून जास्त जणींनी ‘बंद’ म्हणायला हवं.

साधा_कारकून: बरोबर. म्हणून मतं वळवण्यापेक्षा बायका केंद्रापर्यंत आणण्यावर जोर द्या. वाडीवार याद्या करा, दुपारी 12 ला कोण राहिलंय ते बघून निरोप धाडा. आणि चिन्हं आधी दाखवून ठेवा: उभी म्हणजे चालू, आडवी म्हणजे बंद. इथे गोंधळून उलटं मत पडतं.