रॅम्बोचा चौथा भाग बाबांना दाखवू की नको? मदत हवी आहे

मंडळी, बाबा रिटायर झाल्यापासून दर शनिवारी रात्री आम्ही दोघं एक जुना मारधाडीचा सिनेमा बघतो. सध्या रॅम्बो चालू आहे. १९८२चा पहिला त्यांना फार आवडला. अख्ख्या सिनेमात एकच माणूस मरतो, हे त्यांनीच मोजून सांगितलं! ८५चा त्यांनी तेव्हा टॉकीजमध्ये बघितलेला. ८८चा अफगाणिस्तानवाला 'चालतंय'.

आता २००८चा. म्हटलं, आधी आपण एकटं बघून घेऊ. सुरुवातीलाच बर्मी सैनिक भातखाचरात सुरुंग फेकतात आणि धरून आणलेल्या माणसांना त्यातून पळायला लावतात, वर पैजा! रॅम्बो तिकडे थायलंडात साप धरतोय, होडी चालवतोय, कुणाशी बोलत नाही. एवढं झकास. मग मिशनरी औषधं घेऊन कारेन लोकांच्या (ब्रह्मदेशातली एक अल्पसंख्याक जमात) गावात पोचतात आणि लष्कर तुटून पडतं. पोरंसोरंही सोडत नाहीत. तिथे मी बंद केलं. आधी गोळी लागली की माणूस पडायचा, इथे तुकडे उडतात.

बाबांची गेल्या वर्षी अँजिओप्लास्टी झालीय. पुढे हे निवळतं का? आणि लांबवलेली आवृत्ती जरा सौम्य आहे का? शिवाय रॅम्बोचा जुना वरिष्ठ कर्नल ट्रॉटमन अजून दिसला नाही, बाबा त्याच्यावर फिदा आहेत.

रातकिडा: निवळत नाही. शेवटी जीपवरची मशीनगन घेऊन तो जे करतो ते याहून रक्तबंबाळ आहे. पण ते सिनेमातलं वाटतं, गावाचा प्रसंग तसा वाटत नाही. त्या क्रूर मेजरचं काम करणारा माँग माँग खिन स्वतः पूर्वी कारेन बंडखोरांकडून लढलेला. ब्रह्मदेशात सिनेमावर बंदीच होती. लांब आवृत्तीत बोलणं जास्त आहे, रक्त कमी नाही. ट्रॉटमन झालेले रिचर्ड क्रेना २००३ साली वारले, स्वप्नात जुनी दृश्यं तेवढी आहेत.

पोटमाळा: गावाचा प्रसंग रिमोटने पुढे ढकला, पण शेवटची दोन मिनिटं ढकलू नका. खांद्यावर पिशवी, ॲरिझोनातला रस्ता, पत्रपेटीवर 'रॅम्बो'. बापाच्या घरी परततोय तो. हे बाबांबरोबरच बघा.

धागाकर्ता: आभार. रिमोट माझ्याकडे ठेवतो. कर्नलचं आधी सांगत नाही, नाहीतर बसायचेच नाहीत. आई म्हणतेय, त्यापेक्षा रामायण लावा.

रातकिडा: काकूंना सांगा, युद्धकांड तिथेही आहे :)