मदत हवी आहे: निवड यादीत वर, ज्येष्ठता यादीत खाली! (तलाठी संवर्ग)

नमस्कार मंडळी, मी मराठवाड्यातल्या एका जिल्ह्यात तलाठी आहे (आता ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं, गावात अजून सगळे तलाठी अप्पाच म्हणतेत). भरती बारा-तेरा वर्षांपूर्वीची, जिल्हा निवड समितीची, सगळ्यांची एकच निवड यादी. तर झालं असं की, यादीत माझ्या खाली असलेले चार-पाच जण नियुक्ती आदेश हातोहात घेऊन दुसऱ्याच दिवशी रुजू झाले, माझा आदेश आला पोस्टानं, मी थोडा उशिरा पण महिन्याच्या आतच रुजू झालो. आता 1 जानेवारीची प्रारूप ज्येष्ठता यादी निघाली तर त्यात सरळ रुजू तारखेनं क्रम लावलाय, आणि ते सगळे माझ्या वर! याआधीच्या याद्या आम्हाला कधी दाखवल्याच नाहीत, तहसीलला येतेत आणि कपाटात जातेत.

मंडळ अधिकारी पदोन्नतीची बैठक लवकरच होणार म्हणायलेत. आस्थापना शाखेत विचारलं तर बाबू म्हणतो, "रुजू तारीख तीच ज्येष्ठता, काय आक्षेप घेता." आक्षेपाची मुदत संपत आलीय. नियम नेमका काय आहे? आणि कोर्टात जायचं तर हायकोर्ट की मॅट (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण)? कुणाला अनुभव असेल तर सांगा की ओ.

गोदाकाठ: बाबू बरोबर बोलला भाऊ. सुप्रीम कोर्टानं 2019 लाच सांगितलंय, रुजू व्हायच्या आधीची ज्येष्ठता मिळत नाही.

जुना_अव्वल_कारकून: गोदाकाठ, तो मणिपूर पोलिसांचा निकाल आहे, सरळसेवा (थेट भरतीचे) विरुद्ध पदोन्नत असा वाद होता. एकाच निवड यादीतल्या लोकांचा आपसातला क्रम हा वेगळा विषय. त्याला तुमच्या भरतीच्या वेळची 1982 ची ज्येष्ठता नियमावली बघा, नियम 4. एका बॅचचे सरळसेवेचे उमेदवार असतील तर निवड यादीतला गुणक्रमच धरायचा, अट एवढीच की आदेश निघाल्यापासून 30 दिवसांत, किंवा नियुक्ती अधिकाऱ्यानं वाढवून दिलेल्या मुदतीत रुजू व्हायला पाहिजे. आदेशाची तारीख बघा, तुमच्या हातात पडला ती नव्हे. तिथंच सगळी केस आहे.

आक्षेप लेखीच द्या, तोंडी "साहेबांना सांगितलंय" ह्याला काडीची किंमत नाही. दुसऱ्या प्रतीवर आवकचा शिक्का आणि नंबर घेतल्याशिवाय खुर्चीवरून उठू नका.

वकील_नाही_पण: तुम्ही राज्य शासनाचे कर्मचारी, त्यामुळं आधी मॅट, थेट हायकोर्ट नाही. मॅटचं खंडपीठ संभाजीनगरलाच आहे, मुंबईला जायची गरज नाही. अंतिम यादी निघाल्यापासून एका वर्षात जायचं. निवेदनावर उत्तरच आलं नाही तर सहा महिने थांबून पुढचं एक वर्ष. निवेदनावर निवेदन देत बसलं म्हणून मुदत वाढत नाही, लई जण इथंच फसतेत. आणि ज्यांच्या वर तुम्हाला जायचंय त्या सगळ्यांना प्रतिवादी करा, मित्र असले तरी, नाहीतर अर्ज तिथंच अडकतो.

समोरचे, यादीला आव्हान उशिरा दिलं असा मुद्दा काढणारच. 2010 च्या ओडिशाच्या निकालात सुप्रीम कोर्टानं यादीला आव्हान द्यायला तीन-चार वर्षंच वाजवी धरलीयत. म्हणून जुन्या याद्या तुम्हाला कधी बजावल्या का, सही घेतली का, हे आधी शोधा. सही नसेल तर बाजू बळकट.

धागाकर्ता: अव्वल कारकून साहेब, आदेशाच्या तारखेपासून धरलं तरी मी 30 दिवसांच्या आत आहे, सेवापुस्तकात नोंद आहे! निवड यादीची प्रत मात्र माझ्याकडं नाही. माहिती अधिकारात मागू का?

जुना_अव्वल_कारकून: मागा, सोबत याद्या बजावल्याची पोच पण मागा. पण त्याला 30 दिवस जातील, आक्षेप तेवढा थांबवू नका. उद्याच द्या, त्यात लिहा की निवड यादी कार्यालयाच्या अभिलेखात आहे ती तपासावी. पदोन्नती त्याआधीच निघाली तर मॅटमध्ये अंतरिम (निकाल लागेपर्यंतचा) आदेश मागा, निदान "निर्णयाच्या अधीन राहून" एवढं तरी आदेशात आलं पाहिजे.