प्रति: खेळ सुरू झाल्यावर चेहरा बदलू द्यावा का?

वर दोघांनी लिहिलंय की व्हिडिओ गेममध्ये आपल्या पात्राचा एकदा ठरवलेला चेहरा शेवटपर्यंत निभवायचा, त्यातच खरी मजा. मला हे अजिबात पटत नाही. पात्र घडवायच्या स्क्रीनवर प्रकाश सोयीचा असतो. तोच चेहरा पहिल्या संवादात भर उन्हात येतो, तेव्हा गालाची हाडं भलतीच वर आलेली आणि भुवया जवळपास गायब! हे तासन् तास का सहन करायचं?

खेळाडूंनी मागणी लावून धरली की गेम बनवणारे स्टुडिओ ऐकतात. 'सायबरपंक २०७७' आला डिसेंबर २०२० मध्ये, पण पात्राच्या घरातल्या आरशात रूप बदलायची सोय मिळाली थेट फेब्रुवारी २०२२ च्या १.५ पॅचमध्ये, म्हणजे खेळाच्या अपडेटमध्ये. 'बाल्डर्स गेट ३' मध्ये मात्र खेळ आला त्याच महिन्यात, ऑगस्ट २०२३ मध्ये, तळावर जादूचा आरसा आला. त्यात पात्राचा वंश (माणूस, एल्फ वगैरे) बदलता येत नाही, आणि ते मला योग्य वाटतं, कारण वंशानुसार संवादही बदलतात. केस, दाढी, डोळ्यांचा रंग वेगवेगळे तुकडे असतात, ते सहज बदलतात. शरीराचा बांधा बदलला की प्रत्येक चिलखत त्यावर बसावं लागतं, तिथे काम वाढतं.

केसांसाठी मात्र कसलंच कारण चालणार नाही. 'वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट' मध्ये २००८ पासून न्हाव्याचं दुकान आहे!

सगळीकडे ही सोय येईपर्यंत एक करा: सुरुवातीचा भाग संपेपर्यंत वेगळा सेव्ह (खेळाची जतन केलेली प्रत) ठेवा, आणि चेहरा उजेडात, अंधारात, बाजूने बघूनच पुढे जा.